टक्केवारीची शाब्दिक उदाहरणे: मुलगी नेमकी कुठे अडते?

प्रश्न
नमस्कार. आम्ही इंदूरला राहतो आणि माझी मुलगी सातवीत, हिंदी माध्यमात शिकते. 1200 चे 25 टक्के ती तोंडी काढते, पण शाब्दिक उदाहरण आले की अडते. काल राजवाड्याजवळ साडी घेतली; 25 टक्के सूट वजा जाऊन 900 रुपये दिले. मूळ किंमत विचारल्यावर तिने 900 चे 25 टक्के, म्हणजे 225, मिळवून 1125 असे उत्तर दिले. चूक तिला पटत नाही आणि मला ती समजावून सांगता येत नाही. सूत्र पाठ करून घ्यावे का?

उत्तर (निवृत्त गणित शिक्षक)
ताई, सूत्र तूर्त बाजूला ठेवा. तिचा गुणाकार बरोबर आहे, फक्त शंभर कशाला मानायचे ते चुकले आहे. सूट छापील किमतीवर मिळते, म्हणून ती किंमत शंभर टक्के, आणि तुम्ही दिलेले 900 रुपये हे तिचे 75 टक्के. मग 1 टक्का म्हणजे 12 रुपये आणि 100 टक्के म्हणजे 1200. ही आपली जुनी एकमान पद्धतच आहे. मात्र उत्तर चुकले असे तुम्ही सांगू नका, तिलाच ताळा करू द्या. 1125 वर 25 टक्के सूट दिली, तर 843 रुपये 75 पैसे उरतात.

उत्तर (कापड दुकानातील हिशेबनीस)
सरांच्या म्हणण्याला एक जोड देतो. ‘च्या’ किंवा ‘पेक्षा’ ज्या शब्दाला लागलेले असते, तो बहुधा शंभर असतो. तिच्या हिंदी पुस्तकात हेच काम ‘का’ आणि ‘से’ करतात. 100 ही संख्या 80 पेक्षा 25 टक्क्यांनी जास्त आहे, पण 80 ही 100 पेक्षा 20 टक्क्यांनीच कमी आहे, कारण फरक तोच असला तरी पाया बदलला. नफ्या-तोट्याच्या उदाहरणांत असा शब्द पुष्कळदा नसतो. तिथे शेकडेवारी खरेदी किमतीवर काढायची, हे मात्र लक्षातच ठेवावे लागते.

प्रश्नकर्ती
मनापासून आभार. 843 रुपये 75 पैसे आल्यावर तिने स्वतःच वही पुन्हा ओढली आणि 1200 काढले. आता 20 टक्के भाव वाढवून 20 टक्के सूट दिली, तर किंमत पूर्वीइतकीच राहते, असे ती ठामपणे म्हणते आहे.

उत्तर (निवृत्त गणित शिक्षक)
1500 रुपये धरून तिला दोन पायऱ्यांत लिहू द्या: आधी 1800, नंतर 1440. वाढ 300 ची आणि घट 360 ची का झाली, हे विचारा, आणि उत्तर तिच्याच तोंडून येईपर्यंत थांबा.