कढईतले मनुका-स्कोन: फुगत नाहीत, खालून जळतात

पऱ्हाटी: ओव्हन नाही, जाड बुडाच्या कढईत मीठ टाकून भाजते. पाव किलो मैदा, ६० ग्रॅम साजूक तूप, एक चमचा खायचा सोडा, साखर, दूध, मनुका. स्कोन (चहासोबत खायचे लहान, फुगीर गोड पाव) फुगायच्या ऐवजी पसरतात, साबणासारखे लागतात, खालून काळे अन् वरून पांढरेच. काय चुकून रायलं?

कण्या-आंबील: ताई, साबणाची चव सोड्याची. गोड दुधात आंबट नसतं, म्हणून सोडा तसाच उरतो. एवढ्या मैद्याला ३ सपाट लहान चमचे बेकिंग पावडर घ्या. सोडाच असेल तर अर्धा लहान चमचा, अन् दुधाऐवजी १२५ मिली आंबट ताक.

पसरतात ते तुपामुळे. मे महिन्यात ते पातळच असतं, मैद्यात मुरून जातं. ६० ग्रॅम लोणी गोठवून किसा, मैदाही अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. बोटांच्या टोकांनी चोळा, तळहात लावू नका. ज्वारीच्या कण्यांसारखं दिसलं की थांबा. लोण्यातल्या पाण्याची वाफ स्कोन उचलते. तुपात पाणीच नसतं, म्हणून तुपाचे (५० ग्रॅम पुरे, घट्ट गोठवून) जरा बसकेच होणार.

मग साखर ३० ग्रॅम, मनुका ६०, चिमूटभर मीठ, दूध १२० मिली. सुरीनं कालवून गोळा करा. मळू नका, ही पोळीची कणीक नाही. मळलं की चिवट. अडीच सेंटिमीटर जाड थापा. वाटीची कड पिठात बुडवून सरळ दाबा. वाटी फिरवली की कडा चिकटते अन् स्कोन एका बाजूला कलतो.

रोडगेवाला: ताटली मिठाला टेकते का? मग जळणारच. मीठ दोन बोटं, त्यावर रिंग, रिंगवर ताटली. झाकून १५ मिनिटं मोठ्या आचेवर तापवा, स्कोन ठेवल्यावर मध्यम, २०-२५ मिनिटं. पहिली १५ मिनिटं झाकण उघडू नका. वरून रंग हवा तर शेवटी लोखंडी झाकणावर चुलीतले निखारे. कढईत वरून थेट आच लागत नाही.

पऱ्हाटी: मनुकांऐवजी संत्र्याच्या फोडी चालतील का जी?

कण्या-आंबील: नको, पाणी सुटून मधोमध गिच्च राहते. सालीचा नारिंगी भाग तेवढा किसा, पांढरा कडू लागतो. रसात मनुका अर्धा तास भिजवून फडक्यावर कोरड्या करा.

रोडगेवाला: वाळलेली मोहफुलंही चालतात. आतलं केसर काढून दोनदा धुवायची, ४० ग्रॅमच. वास जबर असतो, बाप्पा.