मदत हवी आहे: कंपनी स्वेच्छा लिक्विडेशनमध्ये, एनसीएलटीत (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात) विसर्जनाचा, म्हणजे कंपनी कायमची संपवण्याचा अर्ज करायचाय, पण रिफंड अडकलाय

भोसरीकर
भोसरी एमआयडीसीतली प्रायव्हेट लिमिटेड. दोन संचालक, भागधारकही तेच. मशिनरी विकली, कामगारांची आणि इतर सगळी देणी चुकती. ऑक्टोबरात विशेष ठराव केला, लिक्विडेटर (मालमत्ता विकून कंपनीचा हिशेब मिटवणारे) नेमले, एका इंग्रजी आणि एका मराठी पेपरात जाहिरात दिली. दावा एकही आला नाही. डिसेंबरात एफडी मोडली, तेव्हा बँकेने व्याजावर ३८,४०० रुपये टीडीएस कापला, त्याचा रिफंड अजून यायचाय. लिक्विडेशन पूर्ण करायची ९० दिवसांची मुदत उलटली आहे. प्रश्न तीन: रिफंड बाकी असताना अर्ज करता येतो का? आयकर खात्याची एनओसी लागते का? आदेश आल्यावर काय करायचं असतं?

जमाखर्च
रिफंड बाकी म्हणजे येणं बाकी. दिवाळखोरी संहितेच्या (आयबीसी) कलम ५९(७) प्रमाणे अर्ज कधी करायचा, तर कारभार पूर्ण आटोपला आणि मालमत्ता पूर्ण विकून झाली की. अंतिम अहवालात ३८,४०० येणे दाखवलं तर सुनावणीच्या पहिल्याच तारखेला त्यावर बोट ठेवलं जाईल. मग दोनच वाटा उरतात.

पहिली वाट थांबायची. एप्रिल उजाडला की रिटर्न भरा. त्याआधी बँकेने कापलेला टीडीएस २६ एएसमध्ये (पॅनवर जमा झालेल्या कराच्या विवरणात) उतरलाय का ते बघून घ्या. रिटर्नवर सही लिक्विडेटरची लागते, संचालकाची डिजिटल सही (डीएससी) चालत नाही. आणि खरी गोम पुढे आहे. नियमाप्रमाणे लिक्विडेशनच्या बँक खात्याच्या नावापुढे 'इन व्हॉलंटरी लिक्विडेशन' हे शब्द येतात, पॅनवर मात्र कंपनीचं साधं नाव. आयकर पोर्टलवर खातं व्हॅलिडेट करताना नाव पॅनशी जुळलं नाही की रिफंड मंजूर होऊनही जमा होत नाही. त्यामुळे व्हॅलिडेशन आजच करून बघा, जुलैत नव्हे. रिफंड हातात पडेपर्यंत खातं बंद करू नका.

दुसरी वाट, भागधारकांनी ठराव करून रिफंडवर पाणी सोडायचं आणि लिक्विडेटरने तो निर्लेखित (राइट ऑफ) करून अहवालात कारण लिहायचं. लिक्विडेटरची वाढीव फी, ऑडिट, आणखी एक रिटर्न, हा खर्च मांडा. माझ्या मते ३८ हजारांसाठी वर्ष काढणं परवडत नाही, पण पैसा तुमचा आहे.

(हा धागा वाचणाऱ्या इतरांसाठी: एफडी ठरावाच्या आधीच, शक्यतो आदल्या आर्थिक वर्षात मोडा आणि पैसे चालू खात्यात ठेवा. तिथे व्याज नाही, म्हणून टीडीएस नाही. टीडीएस कापू नका असं सांगणारं १५-जी घोषणापत्र कंपनीला भरता येत नाही.)

९० दिवस उलटले म्हणून घाबरायचं कारण नाही. मुदत संपल्यापासून १५ दिवसांत भागधारकांची सभा घेऊन, उशिराचं कारण आणि आणखी किती वेळ लागेल ते सांगणारा स्थिती अहवाल मांडायचा असतो. ती सभा झाली का, ते आधी लिक्विडेटरना विचारा. धनकोंची मंजुरी घ्यावी लागली असती तर मुदत २७० दिवसांची असती.

आकुर्डी लोकल
एनओसी लागत नाही. दिवाळखोरी नियामक आयबीबीआयचं १५ नोव्हेंबर २०२१ चं परिपत्रक आहे, त्याची प्रत अर्जाला जोडा. पण एनओसी नको म्हणजे कळवायलाही नको, असं नाही. नेमणुकीपासून ३० दिवसांत लिक्विडेटरने आयकर अधिकाऱ्याला आणि जीएसटीलाही कळवायचं असतं. त्या पत्रांच्या पोचा अर्जाला लावा. जीएसटी नोंदणी रद्द झाल्यावर जीएसटीआर-१० हा अंतिम रिटर्न तीन महिन्यांत भरावा लागतो, तो बहुतेक जण विसरतात. प्रोफेशन टॅक्सचे पीटीआरसी (कामगारांच्या पगारातून कापलेल्या कराचा) आणि पीटीईसी (कंपनीच्या स्वतःच्या कराचा) हे दोन्ही नंबरही बंद करा.

अर्जासोबत अंतिम अहवाल आणि फॉर्म एच (लिक्विडेटरचं नियमपालनाचं प्रमाणपत्र). एखाद्या भागधारकाचा पत्ता लागत नसेल तर त्याचे पैसे अर्जाआधी आयबीबीआयच्या कॉर्पोरेट व्हॉलंटरी लिक्विडेशन अकाउंटमध्ये भरावे लागतात. तुमच्याकडे तो प्रश्न नाही. तुमची आरओसी (कंपनी निबंधक कार्यालय) आकुर्डीत असली तरी अर्ज कफ परेडच्या मुंबई खंडपीठापुढे जातो. तिथून आरओसीचा अहवाल मागवला जातो आणि गाडी बहुधा तिथेच अडते. म्हणून कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या (एमसीए) साइटवर कंपनीचा मास्टर डेटा उघडा आणि खाली 'चार्जेस'चा (मालमत्तेवर नोंदलेल्या कर्जाच्या बोज्यांचा) तक्ता बघा.

भोसरीकर
बघितलं. २०१४ च्या मशीन लोनचा चार्ज अजून 'ओपन' दिसतोय! कर्ज २०१८ लाच फिटलं होतं.

आकुर्डी लोकल
हेच. कर्ज फिटलं तरी सीएचजी-४ (कर्ज फिटल्याचं आरओसीला कळवणारा फॉर्म) भरल्याशिवाय चार्ज उतरत नाही. हा फॉर्म कर्ज फिटल्यापासून ३० दिवसांत, जादा फीसह ३०० दिवसांपर्यंत भरता येतो. त्यापुढे सीएचजी-८ अर्ज करून विलंब माफ करून घ्यायचा आणि मग सीएचजी-४. बँकेचं कर्ज फिटल्याचं पत्र लागेल. बँक विलीन झाली असेल तर नव्या बँकेच्या लेटरहेडवर घ्या. एओसी-४ (आर्थिक पत्रकं) किंवा एमजीटी-७ (वार्षिक विवरण) एखाद्या वर्षाचा राहिलाय का तेही बघा, फॉर्ममागे रोज १०० रुपये चढतात. ही कामं रिफंडची वाट बघता बघता उरकतील.

जमाखर्च
म्हणजे आता थांबायचंच आहे, तर रिफंड सोडू नका.

भागधारकांना वाटप करताना एक लक्षात ठेवा: साठलेल्या नफ्याइतकी रक्कम लाभांश धरली जाते. निवासी भागधारक असेल तर १० टक्के टीडीएस कापून भरायचा आणि त्या तिमाहीचं रिटर्नही द्यायचं. त्यासाठी टॅन (टीडीएस भरण्यासाठीचा नंबर) चालू हवा. टॅन आधी सरेंडर करून बसू नका.

तिसरा प्रश्न राहिला. कंपनी आदेशाच्या तारखेपासून विसर्जित होते. आदेशाची प्रत १४ दिवसांत आरओसीकडे पोचवायची असते, ती आयएनसी-२८ या फॉर्ममधून जाते. प्रमाणित प्रतीचा अर्ज आदेश झाला त्याच दिवशी टाका. आरओसीने नोंद घेतली की मास्टर डेटात स्टेटस बदलतं, मग पॅन आणि टॅन सरेंडर. विसर्जनानंतर दप्तराची कागदी प्रत किमान ३ वर्षं आणि इलेक्ट्रॉनिक प्रत किमान ८ वर्षं सांभाळायची असते. ते कुठे ठेवणार हे लिक्विडेटरकडून आत्ताच लेखी घ्या, कारण भोसरीचा गाळा तोवर तुमच्याकडे नसेल.