अँकोव्हीच्या डबीवर 'स्पेन' लिहिलंय, मग मासा कुठला?

मीठभाकर:
हॉटेलसाठी तेलातल्या अँकोव्हीच्या डब्या घ्यायच्या आहेत. दोन्ही ब्रँड स्पेनचे, पण दरात दुपटीचा फरक. असं का? शिवाय सीलबंद असूनही 'फ्रिजमध्ये ठेवा' लिहिलंय. ट्युना तर बाहेर राहतो.

दर्यावर्दी:
स्पेन म्हणजे डबी तिथे भरली, एवढंच. मागे शास्त्रीय नाव शोधा. 'एन्ग्रॉलिस एन्क्रासिकोलस' युरोप-मोरोक्कोकडचा, 'रिंगेन्स' पेरू-चिलीचा, 'अँकोइटा' अर्जेंटिनाचा. पकडल्याची जागा छापणं युरोपात ताज्या आणि नुसत्या खारवलेल्या माशाला बंधनकारक आहे, तेलातल्या डबीला नाही. त्यामुळे जो आपणहून 'कांताब्रियन समुद्र' (स्पेनच्या उत्तरेचा, बिस्केच्या उपसागराचाच भाग) छापतो, तो त्याचे पैसे लावतो. बिस्केच्या उपसागरात २००५ ते २०१० अँकोव्हीची मासेमारी बंद होती, तेव्हा तिथल्या कारखान्यांनी बाहेरचाच मासा खारवला. दुसरा खर्च मजुरीचा: काटा अजून बहुतेक हातानेच काढतात.

बोंबील:
फ्रिजचं सांगतो. ट्युनाचा डबा सील केल्यावर आतल्या मालासकट उष्णतेने निर्जंतुक करतात. अँकोव्ही शिजवतच नाहीत. डोकं-आतडं काढून पिंपात मीठ, मासा, मीठ असे थर, वर वजन, आणि निदान सहा महिने मुरवण. माशातलीच एन्झाइम्स मांस तांबूस करतात, तो वास-चव तिथूनच येते. मग धुऊन, कातडं घासून, पट्ट्या सोडवून तेलात. या पट्ट्यांना निर्जंतुकीकरणाची उष्णता दिली तर लगदा होईल. म्हणून सांभाळायला फक्त मीठ आणि ५ ते १२ अंशांची थंडी. बाहेर ठेवलं तर मुरणं चालूच राहतं, पट्ट्या तेलात विरतात. फुगलेली डबी घेऊच नका. फ्रिजमध्ये ऑलिव्ह तेल गोठून पांढरं दिसतं, तो दोष नाही.

खरी भीती हिस्टामिनची, म्हणजे माशात तयार होणाऱ्या, अ‍ॅलर्जीसारखा त्रास देणाऱ्या द्रव्याची. पकडल्यावर बर्फ उशिरा मिळाला की ते तयार होतं, आणि पुढे मीठ, तळणी, ओव्हन, कशानेच जात नाही. युरोपचा नियम खारवून मुरवलेल्या मालासाठी असा: नऊ नमुने, त्यातला एकही किलोला ४०० मिलिग्रॅमच्या वर नको. आयातदाराकडे त्याच बॅचचा अहवाल मागा.

मीठभाकर:
आपली मांदेली त्याच कुळातली ना? अशी मुरवता येईल?

दर्यावर्दी:
कूळ तेच. पण मांदेली लहान आणि शेपटीकडे निमुळती, तिची पट्टी सुटत नाही. ती तळूनच खावी. हॉटेलला पास्त्याच्या सॉससाठी पेरूची स्वस्त डबी चालेल, तेलात विरघळतेच. अख्खी पट्टी पावावर वाढायची असेल तरच महागडी घ्या.