राग्नार लोथब्रोक: खरा माणूस, की मुलांच्या नावावर उभा राहिलेला बाप?

दर्यावर्दी

व्हायकिंगांवरची ती मालिका आल्यापासून जो तो सांगत सुटलाय की राग्नार लोथब्रोक हा 'खराखुरा, इतिहासातला' राजा. म्हणून हा धागा. माझं मत आधीच सांगतो: या नावाचा एक सलग माणूस कधी जगला, याला पुरावा नाही. वेगवेगळ्या माणसांचे तुकडे जोडून तो नंतर तयार झाला, आणि जोडकामाला मुख्य माल पुरवला त्याच्या तथाकथित मुलांनी.

ज्यांनी गोष्ट वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. गौटलंडच्या (आजच्या स्वीडनचा दक्षिण भाग) सरदारानं आपल्या मुलीला, थोराला, एक छोटा साप भेट दिला. तिनं तो सोन्याच्या ढिगावर ठेवला. साप वाढला, त्याच्याखालचं सोनंही वाढलं, आणि शेवटी तो तिच्या महालाभोवती विळखा घालून बसला. राग्नारनं केसाळ कातड्याची विजार डांबरात उकळून घातली आणि साप मारला. लोथब्रोक म्हणजे केसाळ विजारवाला. थोरा वारल्यावर आस्लाऊगशी लग्न. मुलगे एकापेक्षा एक: हाडं नसलेला इवार, लोखंडी बरगड्यांचा ब्यॉर्न, डोळ्यात साप घेऊन जन्मलेला सिगुर्ड. म्हातारपणी मुलांच्या पराक्रमावर जळून राग्नार फक्त दोन जहाजं घेऊन इंग्लंडवर जातो. नॉर्थम्ब्रियाचा (इंग्लंडचा उत्तर भाग) राजा एला त्याला पकडून सापांच्या खड्ड्यात टाकतो, आणि मुलं येऊन एलाचा सूड घेतात.

आता तपासण्याजोगं बघू. ८६५ मध्ये डेन लोकांचं मोठं सैन्य इंग्लंडमध्ये उतरलं, ८६६ मध्ये त्यांनी यॉर्क घेतलं आणि ८६७ च्या मार्चमध्ये एला तिथेच लढाईत पडला. या सैन्यातले इवार, हाफडान, उब्बा हे खरे. त्यांच्या काळातल्या किंवा लगतच्या इंग्रजी नोंदींत ते कुणाची मुलं होती हे येत नाही. बापाचा सूड वगैरे तर नाहीच. 'लोथब्रोक' हे नाव पहिल्यांदा उगवतं साधारण १०७० मध्ये, ज्युमिएजच्या विल्यम या नॉर्मन साधूच्या लेखनात, तेही ब्यॉर्नचा बाप म्हणून. 'राग्नार' आणि 'लोथब्रोक' ही दोन नावं एकत्र दिसतात आइसलंडमध्ये, आरी थोर्गिल्सनकडे, ११२० नंतर. सविस्तर गाथा (आइसलंडची 'सागा') तेराव्या शतकातली. म्हणजे मुलगे नवव्या शतकात, आणि बापाचं पूर्ण नाव अडीचशे वर्षांनी. याला काय म्हणायचं?

खारा वारा

तारखांनीच खेळायचं तर माझीही एक घ्या. मार्च ८४५. सुमारे १२० जहाजं सीन नदीतून वर चढली. म्होरक्याचं नाव फ्रँकांच्या (आजच्या फ्रान्सवर तेव्हा राज्य करणाऱ्यांच्या) नोंदींत रेगिनहेरी, म्हणजे आपला राग्नार. राजा टकल्या चार्ल्सनं (ही पदवी इतिहासातलीच, माझी नव्हे) सैन्य नदीच्या दोन्ही काठांवर वाटलं. राग्नारनं एका काठावरची तुकडी फोडली, १११ कैदी धरले आणि दुसऱ्या काठावरच्या सैन्याच्या डोळ्यांदेखत फासावर चढवले. ईस्टरच्या सुमारास पॅरिस पडलं. चार्ल्सनं ७,००० पौंड चांदी मोजून त्याला परत धाडलं.

आणि पुढचं वाचा. राग्नार डेन्मार्कला होरिक राजाच्या दरबारात पोचला, तेव्हा तिथे कोब्बो नावाचा दूत हजर होता, जर्मन राजा लुडविगचा. राग्नारनं लूट मांडली आणि फुशारकी मारली की इतका सुपीक मुलूख आणि इतकी भित्री माणसं मी पाहिली नाहीत. मग सेंट जर्मेनच्या मठाची गोष्ट निघाली (पॅरिसला गेलेल्यांनी पाहिलेलं सां जर्मां दे प्रे ते हेच). तिथे जिवंत माणसांपेक्षा मेलेल्या संतानंच आपल्याला जास्त सतावलं, असं सांगता सांगता तो कोसळला आणि थोड्याच दिवसांत सुजून मेला. शेवटचं साधूंनी रंगवलेलं असेल. पण दरबार, दूत, चांदी, राजा हे सगळं त्याच पिढीत लिहिलं गेलंय. पुराणकथेतल्या माणसाच्या मृत्यूला परराष्ट्राचा वकील साक्षीला नसतो!

बोरूबहाद्दर

खारा वारा, तुमच्याच पुराव्यानं तुमचा राग्नार ८४५ मध्ये डेन्मार्कमध्ये मेला. एला गादीवर आला ८६० च्या दशकात. म्हणजे एलानं खड्ड्यात टाकला तो माणूस वीसेक वर्षांपूर्वीच गेलेला. आता हा राग्नार, की तो?

खारा वारा

खड्डा खोटा, मान्य, आणि ते काही नवीन नाही. सापांचा खड्डा ही जुन्या गोष्टींतून उचललेली वस्तू आहे: बर्गुंडी लोकांचा राजा गुन्नार आधीच अशा खड्ड्यात पडून, हात बांधलेले असताना, पायाच्या बोटांनी वीणा वाजवत मेलेला. शिवाय इंग्लंडात विषारी साप एकच जातीचा, तोही माणूस सहसा न मारणारा. खड्डाभर साप एलानं आणले कुठून? पण मरणाची गोष्ट उसनी म्हणून जगणंही उसनं, हे कसं? पॅरिस लुटणारा माणूस साठ-सत्तर वर्षं शेकोटीभोवती सांगितला गेला, आणि त्याला कुणीतरी शोभेसं मरण दिलं. साथीच्या रोगानं मेलेला नायक कुणाला हवाय?

दर्यावर्दी

ठीक. खड्डा काढला. आता बायको काढू? आस्लाऊग ही दंतकथेतल्या सर्पमर्दन करणाऱ्या सिगुर्डची (राग्नारचा मुलगा तो वेगळा) आणि ब्रिनहिल्डची मुलगी. सिगुर्ड त्याच गुन्नारचा मेव्हणा. गुन्नारमागचा खरा बर्गुंडी राजा मेला ४३७ मध्ये. म्हणजे सासरा पाचव्या शतकातला आणि जावई नवव्या! साप मारणं, विजार, थोरा हे तर काढण्याचीही गरज नाही. उरलं काय? राग्नार हे नाव. आणि नावाचं म्हणाल तर त्या काळी ते गल्लोगल्ली होतं. तुर्होल्टचा मठ याच चार्ल्स राजानं ज्या सरदाराला देऊन टाकला तोही रागिनारियस. नाव जुळलं की माणूस जुळला असं होत नाही.

शेवंता

वाद तुमचा चालू द्या, पण आस्लाऊगला इतक्या झटक्यात काढू नका हो. राग्नार तिला निरोप धाडतो: ये, पण ना कपड्यांत ना उघडी, ना जेवलेली ना उपाशी, ना एकटी ना कुणा माणसासोबत. ती मासे धरायचं जाळं अंगाला गुंडाळते, वर केस सोडते, कांद्याच्या जातीतली लीकची पात नुसती चाखते आणि सोबत कुत्रा घेऊन येते. वाचताना मला आपला हिरण्यकश्यपू आठवला, ना घरात ना बाहेर, ना दिवसा ना रात्री. पण तिथे देव पळवाट काढतो, इथे शेळ्या राखणारी पोर. चतुर मुलीची ही गोष्ट युरोपभर फिरते, त्यामुळे इतिहास म्हणून तिची किंमत शून्य, हे मलाही कळतं.

मला बोलायचंय ते वेगळंच. स्कॉटलंडच्या उत्तरेच्या ऑर्कनी बेटांवर मेसहाउ नावाचं साडेचार-पाच हजार वर्षं जुनं थडगं आहे. बाराव्या शतकात काही नॉर्स मंडळी आत शिरली आणि भिंतींवर रून अक्षरांत वाट्टेल ते खरडून गेली (हा छंद जगभरचा दिसतो). त्यातल्या एका ओळीत म्हटलंय की ही टेकडी लोथब्रोकच्या टेकडीच्याही आधीची, आणि 'तिचे' मुलगे शूर होते. तिचे! काही अभ्यासक, त्यात रोरी मॅकटर्क, म्हणतात की लोथब्रोक मुळात स्त्रीचं, कदाचित देवीचं नाव असावं. म्हणजे आई लोथब्रोक, आणि राग्नार कुणीतरी वेगळाच. दोघांना एका विजारीत कोंबलं ते नंतर.

गल्ली नं. ७

म्हणजे विजार वहिनींची होती?

आडवाटा

गंमत पुरे. दर्यावर्दी, तुमचा सगळा डोलारा 'काळातल्या नोंदींत बापाचं नाव नाही' यावर आहे. पण इंग्रजी नोंदी डेन सरदारांच्या बापांची नावं देतातच कुठे? ८७८ मध्ये डेव्हनला २३ जहाजं घेऊन आलेला एक सरदार मारला गेला. त्याच्याबद्दल लिहिलंय फक्त 'इवार आणि हाफडानचा भाऊ'. ज्याला स्वतःचं नाव मिळालं नाही त्याच्या बापाचं नाव कोण लिहिणार? शत्रूच्या दप्तरात आपल्या खापरपणज्याची नोंद नाही म्हणून तो नव्हताच, असं आपण म्हणतो का?

आता दुसरी बाजू. लोथब्रोक तीन ठिकाणी उगवतो. नॉर्मंडीत विल्यमकडे. त्याच दशकात जर्मनीत ब्रेमेनच्या आडमकडे, इवारचा बाप म्हणून. आणि बाराव्या शतकात इंग्लंडमध्ये: डेव्हनच्या त्या लढाईत डेनांचं कावळ्याचं निशाण सापडलं, ते लोथब्रोकच्या तीन मुलींनी, म्हणजे इवार आणि उब्बाच्या बहिणींनी, एका दिवसात विणलं होतं म्हणे. निशाण फडफडलं तर जय, लोंबलं तर पराजय. ही आइसलंडची गाथा नव्हे, तिथल्या कवींशी याचा काही संबंध नाही. तीन मुलुखांत एकच नाव हवेतून येत नाही.

बोरूबहाद्दर

नाव हवेतून आलं नाही, हे कबूल. पण त्या नावाखालचा माणूस एकच आहे का, ते बघा. इंग्लंडमध्येच तेराव्या शतकात वेंडोव्हरचा रॉजर काय सांगतो? लोथब्रोक ससाणा घेऊन एकटाच होडीत शिकारीला गेला, वादळानं ईस्ट अँग्लियाच्या किनाऱ्याला लागला, तिथल्या एडमंड राजाच्या पदरी राहिला, आणि राजाच्या शिकाऱ्यानं जळून त्याला मारला. इथे ना एला, ना खड्डा, ना विजार. सूड निघतो तो बिचाऱ्या एडमंडवर. पॅरिसवाला संताच्या कोपानं मेला, गाथेतला सापांनी, इंग्लंडातला शिकाऱ्याच्या हातून. जिथे मुलांनी ज्या राजाला मारलं, तिथे त्या राजाच्या माथी बापाचा खून! एला मेला यॉर्कला, तर बाप यॉर्ककडे मेला. एडमंड मेला ईस्ट अँग्लियात, तर बाप तिथे. स्वारीचं कारण शोधताना बाप तयार झाला, हे याहून उघड काय असतं?

आणि आयर्लंडचं कुणी काढलंच नाही. डब्लिनचा राजा इमार, जो ८७३ मध्ये वारला, तोच हा इवार असं बहुतेक अभ्यासक धरतात. तिकडच्या एका इतिवृत्तात त्याच्या भावाच्या, अमलावच्या, बापाचं नाव गोफ्राय येतं. राग्नार नाही.

खारा वारा

ते आयरिश इतिवृत्त आपल्यापर्यंत आलं सतराव्या शतकातल्या नकलेतून! उशिरा लिहिलेलं म्हणून गाथा बाद, आणि हे मात्र चालतं?

बोरूबहाद्दर

मी ते शेंडीला गाठ मारून धरत नाहीये. एवढंच म्हणतो की बापाच्या जागेसाठी उमेदवार एकापेक्षा जास्त आहेत. आपल्याकडे राजवाड्यांनी घालून दिलेली रीत हीच: काळातलं एक अस्सल चिटोरं असेल तर मागाहूनच्या सगळ्या बखरी एका बाजूला. इथे चिटोरं पॅरिसच्या राग्नारबद्दल आहे, आणि त्यात मुलगे नाहीत. दुसरं चिटोरं इवारबद्दल आहे, आणि त्यात बाप नाही. दोन्ही अस्सल. त्यांना शिवणारा दोरा मात्र बखरीतला.

आडवाटा

राजवाड्यांचं नाव घेतलंत म्हणून विचारतो. सभासद बखर महाराजांनंतर सतराच वर्षांनी, १६९७ मध्ये लिहिलेली, तिला तुम्ही खूप नंतरच्या चिटणीसांच्या बखरीच्या रांगेत बसवता का? नाही ना? मग गाथांतही वरखाली असतं. डेन्मार्क-इंग्लंडच्या कनुट राजावरच्या, सिग्वाट या आइसलंडच्या कवीच्या काव्यात, अकराव्या शतकाच्या पूर्वार्धात, यॉर्कमध्ये बसलेल्या इवारनं एलाच्या पाठीवर गरुड कोरवला असं येतंच. ते गाथेच्या दोनशे वर्षं आधीचं.

दर्यावर्दी

त्या ओळीत इवार आहे, एला आहे, राग्नार नाही! शिवाय ती ओळ इतकी आखूड आणि गुंतागुंतीची आहे की रोबर्टा फ्रँक यांनी १९८४ मध्ये वेगळाच अर्थ लावला: एलाचं प्रेत गरुडांच्या चोचींना मिळालं, इतकंच. फासळ्या उलट्या फाकवून पंख करण्याचा जो प्रकार पडद्यावर बघून लोक ताट बाजूला सारतात, तो बहुधा नंतरच्या लोकांनी कविता चुकीची वाचल्यानं जन्मला.

टिपणवही

इंग्लंडमधल्या रेप्टन गावाबद्दल दोन ओळी, कारण कुणीतरी ते आणणारच. ८७३-७४ चा हिवाळा डेनांच्या त्या मोठ्या सैन्यानं तिथे काढला. उत्खननात किमान २६४ माणसांची हाडं एका ढिगाऱ्याखाली मिळाली. मधोमध एका दांडग्या माणसाचं दफन होतं असं १६८६ मध्ये खणणाऱ्यानं सांगितलेलं, तो इवार असावा असा उत्खनन करणाऱ्यांचा अंदाज. तो सांगाडा आज नाही. त्यामुळे मुलाचीच हाडं हाताला लागलेली नाहीत, तिथे बापाची अपेक्षा कसली.

शेवंता

एक प्रश्न कुणी विचारलाच नाही: हा बाप हवा कुणाला होता? गाथा ज्या हस्तलिखितात टिकली त्यात ती आस्लाऊगच्या बापाच्या, सिगुर्डच्या, गाथेला जोडूनच येते. राग्नारच्या मुलाची, डोळ्यात साप असलेल्या सिगुर्डची, वंशावळ पुढे नॉर्वेच्या राजघराण्याला भिडवलेली. म्हणजे तेराव्या शतकातल्या राजाला पूर्वज कोण? साक्षात सर्पमर्दन करणारा सिगुर्ड. मधल्या चारशे वर्षांच्या दरीवर पूल म्हणून राग्नार आणि आस्लाऊग. आइसलंडमधली बडी घराणीही आपलं मूळ त्याच्यापर्यंत नेत होती.

खारा वारा

हे मात्र पटलं, शेवंताताई. पण पूल बांधायला हाच का निवडला? डेन्मार्कला त्या शतकात राजे कमी नव्हते. ८१४ मध्ये भाऊबंदकीत पडलेला राजा रेगिनफ्रिड होता, स्वतः होरिक होता. त्यांच्या नावानं कुणी गाथा गायली नाही. गायली ती पॅरिसवाल्या नावाची. दर्यावर्दी, बायको काढा, साप काढा, मरण काढा, मुलंही काढा. १२० जहाजं उरतात. ती तुम्ही अजून काढलेली नाहीत.

दर्यावर्दी

काढणारही नाही. ती रेगिनहेरीची आहेत. त्याला विजार घालायचा हट्ट तेवढा सोडा.