दांगदुतमधला ठेका: तबलाच का?

ठेकेकरी:
यूट्यूबवर दांगदुत, म्हणजे इंडोनेशियातलं लोकप्रिय नाचगाण्याचं संगीत, ऐकतोय. जुन्या गाण्यांत जवळजवळ आपला केरवा तालच वाजतो, तरी सम (तालाची पहिली मात्रा) चुकते. हल्लीच्या लाइव्ह व्हिडिओंत तर गाणं मध्येच दुप्पट पळतं. वाद्य तबलाच आहे का? आणि तबल्यावर कसं बसवायचं?

डग्गा_बाया:
तबल्याच्याच घराण्यातली जोडी. तिकडे कंदांग किंवा केतिपुंग म्हणतात. शैलीचं नावही बोलांवरून पडलंय. 'दुत' म्हणजे डग्ग्यावर मनगट दाबत वर चढवलेला घुमारा. चार मात्रांत 'दांग' चौथीवर येतो आणि लगेच पहिलीवर 'दुत'. दांग ठळक ऐकू येतो म्हणून आपण त्यालाच सम धरतो आणि गाणं एक मात्रा सरकतं. मोबाइलच्या स्पीकरवर दुत जवळपास गायबच होतो, त्यामुळे घोळ वाढतो. हेडफोन लावा, दुतवर टाळी द्या.
केरव्याचा भास उगाच नाही. 1950च्या दशकापासून हिंदी सिनेमाच्या चालींवर तिकडे गाणी बांधली जात होती. 1970च्या दशकात गायक-गिटारवादक रोमा इरामानं त्यात रॉकची गिटार घातली.

पूर्वजावा:
पळतं ते 'कोप्लो', दांगदुतचाच पूर्व जावातला, 1990च्या दशकातला प्रकार. (नाव 'पिल कोप्लो' या तिथल्या नशेच्या गोळीवरून!) त्यातलं वादन पश्चिम जावाच्या सुंदा भागातल्या जाइपोंगान या नाचसंगीतावरून आलंय, त्यामुळे तिथे केरवा शोधू नका. चाल त्याच लयीत राहते, ढोलकं तेवढं दुप्पट भरतं. यूट्यूबवर व्हिडिओचा वेग 0.75 ठेवा आणि आधी फक्त दुत पकडा. सगळे बोल एकदम उचलायला गेलात तर हात अडकणारच.
हे सगळं गावोगावच्या कार्यक्रमांच्या व्हीसीडींवरून पसरलं. गायिका इनुल दारातिस्ता 2003 साली देशभर गाजली ती त्याच वाटेनं, आणि रोमा इरामा तिच्या नाचावर भडकले तेही तेव्हाच. आज व्हीसीडीची जागा यूट्यूबनं घेतलीय, एवढंच.

ठेकेकरी:
0.75 वर दुत सापडला! पण निवेदक गाण्यात मध्येच नावं का वाचतो?

पूर्वजावा:
तो 'सावेर'. प्रेक्षक मंचावर येऊन गायिकेच्या हातात नोटा देतात, म्हणून नावाचा पुकारा. मधल्या आरोळ्या म्हणजे 'सेंग्गाकान', त्या ठेक्यातच बसवलेल्या असतात. आरोळी ऐकून सम धरू नका.
शोधताना गाण्याच्या नावापुढे 'ओएम' लिहा, म्हणजे ओर्केस मेलायू (मलय वाद्यवृंद), आणि त्यापुढे वाद्यवृंदाचं नाव: मोनाता, न्यू पालापा, आदेला. एकच गाणं तिघांकडे सापडलं तर ठेक्यातला फरक लगेच कळतो. हात बघायचे असतील तर 'कंदांग कॅम' शोधा, कॅमेरा वादकावरच असतो.