प्ले स्टोअरबाहेरचं ॲप टाकताना : सांगली जिल्ह्यातल्या जाणकारांसाठी अनुभव धागा

ठिबकचा कंट्रोलर, मोटारीचा मोबाइल स्टार्टर, डेअरीचं संकलन, गोदामातला सीसीटीव्ही. यांची ॲप्स कित्येकदा प्ले स्टोअरवर नसतात. विक्रेता व्हॉट्सॲपवर एपीके फाइल (अँड्रॉइड ॲप लावायची फाइल) टाकतो आणि 'लावून घ्या' म्हणतो. वाहतूक दंडाच्या खोट्या चलनाची फाइलही त्याच वाटेनं येते. फाइल कशी पारखायची, कुठं अडतं आणि का, हे लिहा. आपबीती नको, कृती सांगा.

मिरज, मोबाइल दुरुस्ती

अँड्रॉइड ८ पासून 'अननोन सोर्सेस'चं, म्हणजे बाहेरची ॲप्स लावू देणारं, एकच बटण राहिलेलं नाही. परवानगी फाइल उघडणाऱ्या ॲपला द्यावी लागते. व्हॉट्सॲपमधून फाइल उघडलीत तर परवानगी व्हॉट्सॲपला जाते, आणि तिथंच चालू राहते. पुढं ग्रुपवर आलेली कुठलीही फाइल एका टिचकीत इन्स्टॉलपर्यंत पोचते. म्हणून फाइल आधी फोनमध्ये सेव्ह करा आणि फाइल मॅनेजरमधून उघडा. काम झालं की सेटिंग्ज, ॲप्स, स्पेशल ॲप ॲक्सेस, 'इन्स्टॉल अननोन ॲप्स' इथं जाऊन ती परवानगी काढा. कंपनीगणिक नावं थोडी बदलतात.

सॅमसंगच्या नव्या फोनवर परवानगी देऊनही लागत नसेल तर 'सिक्युरिटी अँड प्रायव्हसी'मधला ऑटो ब्लॉकर चालू असतो. तो केबलवरून येणाऱ्या कमांडही अडवतो. तेवढ्यापुरता बंद करा, लगेच परत चालू करा. गिऱ्हाइकाच्या फोनवर तो बंदच ठेवून देणारे दुकानदार आहेत; हे चूक.

विटा

'ॲप नॉट इन्स्टॉल्ड' एवढंच लिहून येतं, कारण सांगत नाही. बहुतेक वेळा भानगड सहीची असते. प्रत्येक एपीकेवर बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. त्याच नावाचं ॲप फोनमध्ये आधीच असेल आणि नव्या फाइलची सही वेगळी असेल, तर अँड्रॉइड ते चढवू देत नाही. लोक वैतागून जुनं काढतात आणि नवं टाकतात, म्हणजे जो पहारेकरी अडवत होता त्यालाच घरी पाठवतात. जुनं न काढता अपडेट लागलं, तर सही तीच आहे असं धरा. एफ-ड्रॉइड हे मुक्त-स्रोत ॲप्सचं दुकान मात्र बरीच ॲप्स स्वतः बांधून स्वतःची सही करतं, त्यामुळं प्ले स्टोअरवरच्या ॲपवर तिथली प्रत सहसा चढत नाही. तिथं घोटाळा समजू नये.

जुनी आवृत्ती नव्यावर टाकायला गेलात तरी हाच संदेश. ६४ बिटचा फोन आणि ३२ बिटची फाइल असेल तर काही नव्या फोनवर तेही चालत नाही.

'पार्सिंग द पॅकेज' अशी तक्रार आली तर फाइल अर्धवट उतरलेली असते, नाहीतर फोनचं अँड्रॉइड त्या ॲपला जुनं पडतं. ऑगस्ट २०२१ पासून प्ले स्टोअरवर नवीन ॲप बंडल स्वरूपात द्यावं लागतं, आणि फोनवर ते अनेक एपीके तुकड्यांत उतरतं; त्यामुळं बाहेर त्याचे तुकडे एक्सएपीके किंवा एपीकेएस नावानं फिरतात. त्यातली एकच फाइल काढून टाकली तर ॲप लागत नाही, किंवा उघडताच बंद पडतं. सगळे तुकडे एकदम टाकणारा इन्स्टॉलर लागतो.

पलूस, दूध संकलन

वरच्यात एक भर. जुनं ॲप काढलं की त्याच्या पोटातला डेटाही जातो. दहा दिवसांचं बिल निघण्याआधी ते काढू नका. आधी लिटर-फॅटची नोंद एक्सेलला घ्या. अँड्रॉइड ६ च्याही आधीच्या हिशोबानं बांधलेली ॲप्स अँड्रॉइड १४ थेट नाकारतो. संगणकावरून एडीबीनं (फोनला कमांड देणाऱ्या साधनानं) ती टाकता येतात, पण विक्रेत्याकडं नवी आवृत्ती मागणं बरं.

तासगाव, ठिबक आणि पंप

परवानग्या बघताना उगाच घाबरू नका, आणि उगाच 'अलाउ'ही दाबत सुटू नका. ब्लूटूथवर चालणाऱ्या कंट्रोलरचं ॲप लोकेशन मागतं, ते रास्त आहे. अँड्रॉइड ११ पर्यंत ब्लूटूथ उपकरण शोधायला लोकेशनच लागायचं. १२ पासून 'निअरबाय डिव्हायसेस' ही वेगळी परवानगी आली.

खरी गोम एसएमएसची. सिमवर चालणाऱ्या स्टार्टरला ॲप मेसेज पाठवतं, म्हणून परवानगी मागतं. पण अँड्रॉइड पाठवणं आणि वाचणं एकाच गटात विचारतो. ॲपनं दोन्ही नोंदवलं असेल, तर तुमच्या एका होकारात ओटीपी वाचायची सोयही होते. उपाय साधा : स्टार्टरचं ॲप बँकेचं सिम नसलेल्या फोनवर ठेवा, नाहीतर कमांडचा मेसेज हातानं पाठवा. मोटार तेवढीच चालते.

एसएमएस वाचणं, नोटिफिकेशन वाचणं किंवा ॲक्सेसिबिलिटी (स्क्रीन वाचायची, तुमच्या वतीनं बटणं दाबायची मुभा) मागणारं बाहेरचं ॲप ब्राउझर, मेसेंजर किंवा फाइल मॅनेजरमधून टाकलं, तर प्ले प्रोटेक्ट, म्हणजे गुगलची फोनमधली ॲप-तपासणी, ते अडवू शकतं. भारतासाठी हे गुगलनं २०२४ मध्ये जाहीर केलं. विक्रेता 'प्ले प्रोटेक्ट बंद करा' म्हणाला तर आधी विचारा, यातली कुठली परवानगी कशासाठी?

कुपवाड

चलनाची, लग्नपत्रिकेची, किसान हप्त्याची फाइल. नाव काहीही असो, शेवटी डॉट एपीके असेल तर ती पत्रिका नव्हे, ॲप आहे. चलन परिवहनच्या संकेतस्थळावर गाडीचा नंबर टाकून दिसतं.

चुकून लागलं असेल तर क्रम असा. आधी एअरप्लेन मोड चालू आणि वायफाय बंद. दुसऱ्या फोनवरून बँकेला आणि १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन. मग सेफ मोड, ज्यात बाहेरून टाकलेली ॲप्स चालत नाहीत : बऱ्याच फोनवर पॉवर ऑफचं चिन्ह दाबून धरलं की येतो. आयकॉन लपलेला असतो, म्हणून सेटिंग्जमधल्या 'ऑल ॲप्स'मध्ये शोधा. अनइन्स्टॉल बटण फिकट दिसलं तर 'डिव्हाइस ॲडमिन'मधून त्याचा अधिकार आधी काढा. शेवटी नेटवर्क चालू करून ##००२# डायल करा. कॉल फॉरवर्ड लावलं असेल तर तेही रद्द होतं. पासवर्ड दुसऱ्या फोनवरून बदला, त्याच फोनवरून नको.

इस्लामपूर

आयफोनवाल्यांसाठी दोन ओळी. ॲप स्टोअरबाहेरून ॲप टाकायची युरोपीय संघातली मुभा इकडं नाही. फुकटच्या ॲपल आयडीनं सही करून ॲप टाकता येतं, पण ती सही सात दिवसांत संपते आणि पुन्हा करावी लागते. डेअरीच्या किंवा पंपाच्या कामाला हे निरुपयोगी.