कामोस्सी: जेकब्सच्या सोन्यात तिहेरी उडीवाल्याचा वाटा किती?

पायखुणा
१ ऑगस्ट २०२१ला टोकियो ऑलिंपिकमध्ये इटलीच्या मार्सेल जेकब्सने १०० मीटर ९.८० सेकंदांत मारली, तेव्हा आपण सगळेच 'हा कोण बाबा?' म्हणत बसलो होतो. त्याला घडवणारा कोण, हा प्रश्न कुणी विचारलाच नाही. तो पाओलो कामोस्सी. आणि हा गडी धावपटू नव्हेच, तिहेरी उडीवाला! २००१ला लिस्बनमध्ये इनडोअर विश्वविजेता, १७.३२ मीटर. दुसरा आला जोनाथन एडवर्ड्स, म्हणजे १८.२९चा विश्वविक्रम नावावर असलेला आणि सहाच महिन्यांपूर्वी सिडनीत ऑलिंपिक जिंकलेला माणूस. फरक सहा सेंटिमीटरचा.

२०१५ला जेकब्स कामोस्सीकडे आला तो लांब उडी मारणारा म्हणून. पुढच्या वर्षी ब्रेसानोनेला ८.४८ मीटर गेला, पण पाठीमागून वारा होता सेकंदाला २.८ मीटर. नियमात २.० बसतो, त्यामुळे उडी विक्रमात धरली नाही. नंतर दुखापतींचं शुक्लकाष्ठ लागलं आणि २०१९च्या सुमारास उडी सोडून सगळा भर धावण्यावर आला. दोन वर्षांत ऑलिंपिक सुवर्ण. सप्टेंबर २०२३मध्ये मात्र जेकब्स त्याला सोडून फ्लोरिडाला राना रायडर या प्रशिक्षकाकडे गेला, आणि कामोस्सीचं नाव कुणी घेईनासं झालं.

माझं मत: टोकियोतल्या सोन्यात निम्म्याहून जास्त वाटा या माणसाचा आहे. बोला.

माणदेशी
मी नेमकं उलटं म्हणेन. पोरगा मुळात स्प्रिंटर. त्याला चोवीस-पंचवीस वर्षांचा होईपर्यंत वाळूत कुणी ठेवलं? तुमच्या कामोस्सीनेच ना? दुखापत झाली म्हणून उडी सुटली, गुरुजींना दृष्टान्त झाला म्हणून नव्हे. शिवाय जेकब्स स्वतः निकोलेता रोमानात्सी या मेंटल कोचला केवढं श्रेय देतो, ते सोयीने गाळलंत.
आणि टोकियोनंतर काय? २०२२ला युजीनच्या विश्वस्पर्धेत उपांत्य फेरीआधीच माघार. २०२३ला बुडापेस्टमध्ये उपांत्य फेरीत १०.०५, घरी. गुरू बदलला आणि पॅरिस ऑलिंपिकला ९.८५.

पायखुणा
२०२२ची सुरुवात विसरलात की मुद्दाम खाल्लीत? बेलग्रेडला ६० मीटरमध्ये ६.४१, युरोपचा विक्रम. दुसऱ्या आलेल्या अमेरिकेच्या कोलमनचीही वेळ ६.४१च, निकाल लागला हजारांशांवर. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये म्युनिकला युरोपीय सुवर्ण, ९.९५. हे सगळं कामोस्सीकडे असतानाचं. आणि पॅरिसला ९.८५ मारून तो पाचवा आला हो. टोकियोतली ९.८० तिथे धावला असता तर कांस्य गळ्यात होतं.

वाळूतला_पाय
दोघंही घड्याळाकडे बघताय, पायाकडे कुणी बघत नाही. मी तिहेरी उडी जिल्ह्यापर्यंत खेळलोय, त्यामुळे थोडं लांबवतो.

आमच्या शाळेत उडी घ्यायची फळी वाळूच्या खड्ड्यापासून अकरा मीटरवर. पहिल्या टप्प्याला, म्हणजे हॉपला, ज्या पायाने उडी घेतली त्याच पायावर उतरायचं. मी उंच जायचो, सगळे टाळ्या वाजवायचे आणि खाली येताना टाच अशी आपटायची की कळ थेट दाढेपर्यंत. बुटात चपलेचा कापलेला रबर घालायचो. उंच गेल्यामुळे दुसऱ्या टप्प्याला वेगच उरायचा नाही, स्टेप मारताना नुसता लंगडल्यासारखा. सर ओरडायचे, "वर नको, पुढं जा!" त्यांनी चुन्याची रेघ मारून ठेवली होती: हॉप हिच्या पुढे पडली की बाद. मला तो अपमान वाटायचा. पण हॉप आखूड केली आणि त्याच महिन्यात एकूण उडी हातभर वाढली.

तिहेरी उडीचा सगळा खेळ हाच आहे. पाय जमिनीला लागला की वेग जातो, तो कमीत कमी कसा घालवायचा. तीन टप्पे आणि प्रत्येक टप्प्याला गळती. आता टोकियोची फायनल पुन्हा लावा आणि शेवटचे चाळीस मीटर बघा. बाकीचे आखडताहेत, मान ताठ, खांदे वर. जेकब्सचा पाय मात्र पडतोय आणि उचलला जातोय, तापलेल्या तव्यावर पडल्यासारखा. मला त्यात उडीवाल्या मास्तरचा हात दिसतो. पटलं तर घ्या.

माणदेशी
वर्णन झकास, टाचेबद्दल सहानुभूती. पण मग जगभरातले तिहेरी उडीवाले धडाधड शंभराचे विजेते का नाही काढत? एका उदाहरणावर सिद्धान्त उभा करू नका राव.

गोदाकाठ
सिद्धान्त राहू द्या, इटलीतलंच दुसरं उदाहरण घ्या. फाब्रित्सिओ दोनातो. लंडनला ९ ऑगस्ट २०१२ रोजी कांस्य, १७.४८, वय पस्तीस. ज्या वयात आपल्याकडे माणूस सोसायटीचा सेक्रेटरी होतो! मग प्रशिक्षक झाला. क्युबाचा अँडी दियास टोकियो ऑलिंपिकनंतर इटलीत राहिला, त्याला दोनातोने हाताशी धरलं. २०२३च्या फेब्रुवारीत नागरिकत्व मिळालं, पण इटलीच्या जर्सीत उतरायची मुभा १ ऑगस्ट २०२४पासून. आठच दिवसांनी, ९ ऑगस्टला, पॅरिसमध्ये १७.६४ आणि कांस्य. गुरूच्या कांस्याला त्या दिवशी बरोबर बारा वर्षं झाली होती. मधल्या काळात त्याने फ्लॉरेन्सला १७.७५ मारून दोनातोचाच १७.६०चा राष्ट्रीय विक्रमही मोडला होता.

माणदेशी
तयार माल! क्युबात उडी शिकून आलेला पोरगा. पॅरिसच्या पोडियमवरचे तिघेही जन्माने क्युबाचे होते: स्पेनचा जॉर्डन दियास, पोर्तुगालचा पिचार्दो आणि हा. श्रेय वाटायचंच असेल तर पहिलं पाकीट हवानाला पाठवा.

गोदाकाठ
हे मान्य. आपला प्रवीण चित्रवेलसुद्धा १७.३७चा राष्ट्रीय विक्रम हवानालाच करून आला, प्रशिक्षक योआंद्री बेतान्सोस. तोही क्युबाचा तिहेरी उडीवाला, २००३ आणि २००५च्या विश्वस्पर्धांत रौप्य. पण देश सोडलेल्या, जवळपास तीन वर्षं कुठल्याच देशाच्या जर्सीत खेळू न शकणाऱ्या पोराला रोज मैदानावर उभं करणं, हे 'तयार माला'त धरायचं का?

माणदेशी
नाही धरत. तेवढे गुण दोनातोला. कामोस्सीला नाहीत.

हरकत_नाही
आचरेकर सर प्रथम श्रेणीचा एकच सामना खेळले होते. मोठा खेळाडू आणि मोठा गुरू यांचा संबंध लावताना जरा जपून, एवढंच.

पायखुणा
सर, तो मुद्दा माझ्याच बाजूचा आहे! कामोस्सी तर स्वतः धावपटू नव्हताच.
माणदेशी, तुमचा एक मुद्दा मात्र मला रात्री छळणार आहे: २०१६लाच त्याला शंभरावर टाकला असता तर? ८.४८ची उडी डोळ्यांनी बघितलेल्या प्रशिक्षकाला उडी सोडून द्यायला सांगणं किती जड गेलं असेल, ते मी समजू शकतो. पण तीन वर्षं गेली, हेही खरं.

माणदेशी
चला, घसरलात. चाळीस टक्के देतो कामोस्सीला.

पायखुणा
पंचावन्न.

वाळूतला_पाय
तुमचा बाजार आटोपला की सांगा. लिस्बनच्या त्या १७.३२चा व्हिडिओ कुणाला सापडला तर इथे टाका. मला त्याची हॉप किती उंच जाते ते बघायचंय.